बाहेरच्यासारखं

“बाबा, चांगलं झालंय,” मुलगी म्हणाली आणि मी समजलो, बिघडलं. चांगलं तिला नकोच होतं. तिला दुकानातल्यासारखं हवं होतं.

दुकान म्हणजे टाको बेल. अमेरिकेत गावोगाव असणारं, पाटीवर घंटा असलेलं, गाडीतून न उतरता खिडकीतून पुडकं घ्यायचं दुकान. तिथला साधा टाको म्हणजे मक्याच्या कडक, दुमडलेल्या पुरीत बीफचा मऊ मसालेदार खिमा, त्यावर बारीक चिरलेला आइसबर्ग लेट्यूस आणि त्याच्यावर किसलेलं पिवळं चेडर चीज. संपलं. कोथिंबीर नाही, लिंबू नाही, कच्चा कांदा नाही. मेक्सिकोतून आलेला माणूस याला टाको म्हणायला जरा का-कू करतो. आमच्या सोळा वर्षांच्या मुलीचं मत मात्र असं, की माणसाने स्वयंपाकात इथपर्यंत येऊन थांबायला काही हरकत नव्हती.

एका शुक्रवारी संध्याकाळी त्या खिडकीपुढे गाड्यांची लांब रांग होती, मला भूक लागली होती, आणि भुकेच्या भरात मी बोलून गेलो, “त्यात काय आहे एवढं? खिमाच तर आहे. घरी करू.” कोल्हापूरच्या माणसाने खिम्याबद्दल अशी वाक्यं बोलू नयेत. पुढे ती निस्तरावी लागतात.

खिमा कशाचा, हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे ज्यांना पान उलटायचं असेल त्यांना उलटता येईल. बीफचा. मी मटणाच्या गावात वाढलेला. बीफ पहिल्यांदा खाल्लं ते इथे येऊन तिसऱ्या वर्षी, ऑफिसच्या जेवणात, ‘हे काय आहे’ असं विचारायची लाज वाटली म्हणून. दुसऱ्यांदा खाल्लं तेव्हा माहीत होतं. पुढचं मोजलेलं नाही. आईला हे सांगायचा धीर व्हायला मला अकरा वर्षं लागली. तिला ते कळायला, तिनेच नंतर सांगितल्याप्रमाणे, दोन.

आई दर वर्षी हिवाळ्यात सहा महिने आमच्याकडे येते. तिने या विषयावर एकच नियम घातला: त्याची कढई वेगळी. मुलीने त्या कढईच्या दांड्याला लाल चिकटपट्टी गुंडाळली आणि विषय मिटला. खरं तर घराण्याच्या रीतीला धरूनच झालं हे. माझ्या आजीच्या घरी मटणाची भांडी वेगळी होती आणि चूल परसात. आजीच्या हिशेबात आई बाटलेली, आईच्या हिशेबात मी. आणि मुलीच्या हिशेबात मी मागासलेला, कारण ती जिभेचे टाको खाते आणि मी त्या वेळी दुसरीकडे बघतो. बायको शाकाहारी, मूळची पुण्याची. या सगळ्या प्रकरणातला तिचा सहभाग खिडक्या उघडण्यापुरता.

तर तो पहिला खिमा. कांदा लालसर, आलं-लसूण, मसाला, आणि मग परतणं. खिमा परतणं म्हणजे काय, ते मी आईकडून शिकलो आहे. पाणी आटेपर्यंत परतायचं, मग तेल सुटेपर्यंत परतायचं, आणि मग ‘झालं’ असं वाटलं की आणखी पाच मिनिटं परतायचं. दाणा न् दाणा मोकळा, कडेला खरपूस, वर तर्री. तो मी त्या मक्याच्या पुरीत भरला. मुलगी दोन टाको खाऊन म्हणाली, “चांगलं झालंय.” मग थोडं थांबून, दुखावू नये अशा बेताने, “पण हे घरचं लागतंय.”

आता हे घरचं आणि बाहेरचं प्रकरण मला चांगलं माहीत आहे, कारण मीही एकेकाळी तिच्या बाजूला होतो. आपल्याकडे ‘बाहेरचं खायचं नाही’ हे प्रत्येक आईच्या घटनेतलं पहिलं कलम, आणि त्याच आईने काही अप्रतिम केलं तर तिला मिळणारं मोठ्यात मोठं प्रशस्तिपत्र म्हणजे ‘अगदी हॉटेलसारखं झालंय’. आमच्या घरी मिसळ व्हायची. मटकी भरपूर, तेल बेताचं, फरसाण घरी तळलेलं, लिंबू ताजं. फार चांगली असायची, म्हणजे मिसळ नसायची. कोपऱ्यावरच्या हॉटेलात तीच मटकी पातेल्याच्या तळाशी शोधावी लागे, कटाने नाक वाहू लागे, पाव कालचा असे, आणि आम्ही तिकडे पळत जायचो. आईने एकदा त्या हॉटेलवाल्याच्या कटासारखा कट करायचा प्रयत्न केला होता. वडील म्हणाले, “चांगला झालाय.” त्या दिवशी ती का चिडली, ते मला आत्ता, पन्नाशीत, अर्वाईनच्या स्वयंपाकघरात कळलं.

अर्वाईन म्हणजे दक्षिण कॅलिफोर्नियातलं आमचं गाव. योगायोग असा, की टाको बेलचं मुख्यालय याच गावात आहे. इतकंच नाही, १९६२ साली डाउनी इथे उघडलेलं कंपनीचं पहिलं दुकान, कमानी असलेली ती चिमुकली इमारत, २०१५ मध्ये पाडायची पाळी आली तेव्हा कंपनीने ती अख्खी उचलली, ट्रकवर ठेवली आणि रातोरात आमच्या गावात आणून आपल्या आवारात उभी केली. शिवकालीन वाड्यांच्या जागी पार्किंग झालेलं पाहिलेल्या माणसाला एका टाकोच्या टपरीची ही मिरवणूक पाहून काय वाटतं, ते सोडा.

दुकानातल्या सारणाचा मी अभ्यास सुरू केला. म्हणजे एक टाको आणून, पुरी उघडून, चष्मा लावून बघत बसलो. ते दाणेदार नव्हतं. धड खिमा नव्हता, धड पिठलं नव्हतं. मऊ, एकजीव, कुठेही खरपूस नाही, आणि इतका ओलावा असून पुरीत तेलाचा थेंब उतरलेला नाही. मी परतून परतून जे जे कमावलं होतं, ते ते इथे कुणीतरी फार काळजीपूर्वक टाळलं होतं.

ऑफिसातल्या एका सहकाऱ्याने, टेक्सासचा आहे तो, मला कागदावर कृती लिहून दिली. त्यात पहिलं वाक्य होतं, मांस कढईत टाकण्याआधीच सगळे मसाले आणि गार पाणी घालून हाताने मळून घ्या. दुसरं वाक्य, लाल होऊ देऊ नका. मला हे दुसरं वाक्य वाचताना आपण काहीतरी गैर करतो आहोत असं वाटलं. तिसऱ्या ओळीत मसाल्याचं प्रमाण होतं: चिली पावडर, दोन मोठे चमचे.

चिली पावडर म्हणजे लाल तिखट. निदान मी तरी तसंच समजलो. घरात आईने कोल्हापूरहून पाच प्लॅस्टिकच्या पिशव्यांत गुंडाळून, त्यावर जुनी साडी गुंडाळून आणलेलं तिखट होतं. अमेरिकेत विमानतळावरच्या तपासनिसाने ती पिशवी उघडून हुंगली होती आणि मग आदराने परत बंद केली होती. त्यातले दोन मोठे चमचे, शीग लावून, मी एक पौंड खिम्यात घातले.

त्या रात्रीबद्दल फार लिहीत नाही. बायकोने सगळ्या खिडक्या उघडल्या, मुलीने दुधाचा अख्खा कॅन तोंडाला लावला, आणि आई, जिने ते चाखलंही नव्हतं, ठसका आवरत म्हणाली, “तिखट चांगलं आहे हं औंदाचं.”

झालं होतं असं, की अमेरिकेतली चिली पावडर हे तिखट नव्हेच. तो मसाला आहे. सौम्य वाळक्या मिरच्या, जिरं, ओरेगानो, लसूण अशांचं ते मिश्रण. टेक्सासमधल्या न्यू ब्राउनफेल्स गावातल्या विल्यम गेबहार्ट या जर्मन स्थलांतरिताने १८९० च्या दशकात ते बाटलीत भरून विकायला सुरुवात केली, जेणेकरून ‘चिली’ नावाचा मांसाचा रस्सा लोकांना बारमाही करता यावा. म्हणजे मेक्सिकन मिरची, जर्मन माणूस, टेक्सासची बाटली. आपल्याकडे दुकानदार ‘मटण मसाला’ देतो आणि आपण त्याला मटण समजत नाही. मी तेवढाही शहाणपणा दाखवला नव्हता.

यानंतर महिनाभर मी या विषयाला हात लावला नाही. मग एका रविवारी सॅन बर्नार्डिनोला जायचं ठरलं. तासाभराचा रस्ता. आई यायला तयार झाली ती वाटेत चिनो हिल्सला स्वामिनारायणाचं मोठं मंदिर आहे म्हणून. दर्शन झालं, प्रसादाची खिचडी झाली, आणि मी गाडी माउंट व्हर्नन अॅव्हेन्यूकडे वळवली. तिथे ‘मित्ला कॅफे’ नावाचं साधंसं जुनं हॉटेल आहे. लुसिया रॉड्रिगेझ या बाईंनी ते १९३७ साली सुरू केलं. समोरून जुना रूट ६६ महामार्ग जायचा. मेक्सिकन वस्तीचं हे हॉटेल म्हणजे नुसती खानावळ नव्हे. शहराच्या सार्वजनिक पोहण्याच्या तलावात मेक्सिकन मुलांना येऊ देत नसत, त्याविरुद्ध वस्तीतल्या लोकांनी जी न्यायालयीन लढाई १९४४ मध्ये जिंकली, तिच्या बैठका याच टेबलांभोवती झाल्या. आपल्या मंडळींना हे लगेच कळेल. चहाच्या हॉटेलाशिवाय आपली कुठली चळवळ झाली आहे?

या हॉटेलच्या समोर १९४८ साली ग्लेन बेल नावाच्या, युद्धावरून परतलेल्या तरुणाने हॉट डॉगचा गाडा टाकला. त्याच शहरात, त्याच वर्षाच्या शेवटी, मॅकडोनाल्ड बंधूंनी आपलं हॅम्बर्गरचं दुकान नव्या झटपट पद्धतीने पुन्हा उघडलं होतं, तेव्हा हॅम्बर्गरमध्ये राम नाही हे बेलला दिसत असणार. समोर मात्र मित्लात टाकोसाठी रांग असायची. मग त्याने काय केलं? तो रोज गाडा बंद करून मित्लात जेवायला जायचा, आणि रात्री घरी जाऊन, जिभेवरची चव पुसायच्या आत, तसेच टाको करून बघायचा. जमेनात. शेवटी मित्लातल्या लोकांनीच त्याला स्वयंपाकघरात घेतलं आणि कसं करतात ते दाखवलं.

हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला फार बरं वाटलं होतं. जगातल्या त्या भल्यामोठ्या साखळीची सुरुवात एका माणसाने रात्री घरी बसून ‘बाहेरच्यासारखं’ करण्यातून झाली आहे. फरक एवढाच, की त्याच्याकडे तेव्हा मत द्यायला सोळा वर्षांची मुलगी नव्हती.

त्याची खरी अडचण चवीची नव्हतीच, वेगाची होती. मित्लात टाको मागाल तेव्हा तळून मिळे, आणि गाड्यावरचं गिऱ्हाईक तेवढं थांबत नाही. म्हणून पुऱ्या आधीच तळून, दुमडून, रचून ठेवायच्या. पण मऊ टॉर्टिया, म्हणजे मक्याची पोळी, दुमडून तेलात धरणार कशी? बेलने कोंबड्यांची खुराडी करणाऱ्या एका माणसाला गाठलं आणि त्याच्याकडून तारेचा एक साचा करून घेतला, सहा टाको एकदम तळता येतील असा. त्याच सुमारास न्यूयॉर्कमध्ये हुवेन्सियो माल्दोनादो या मेक्सिकन हॉटेलवाल्याला अशाच साच्याचं पेटंट १९५० साली मिळालेलं होतं, हे खरं. पण पेटंटपेक्षा मला ती खुराडी जास्त आवडतात. १९५१ साली हॉट डॉगच्या खिडकीतून टाको विकायला सुरुवात झाली, एकोणीस सेंटला एक. पहिल्या गिऱ्हाइकाच्या बाहीवरून रस ओघळत टायपर्यंत गेला, आणि बेलला वाटलं हा आता भांडायला येणार. तो आला तो दुसरा टाको मागायला. लोकांना नावही धड घेता येत नसे, ‘टेको’ म्हणायचे.

“टाको म्हणजे काय टाकायचं?” असं आईने मागे विचारलं होतं. तेव्हा ती तरी ‘टाको’ म्हणाली होती.

मित्लात बसून मी आईला हे सगळं सांगितलं. ती भात आणि घोटलेल्या बीन्सची उसळ खात होती. ऐकून घेतलं, पाणी प्याली, आणि म्हणाली, “म्हणजे ह्या बाईचं बघून त्यानं केलं. आणि त्याचं बघून तू करालायस. मग सरळ ह्या बाईचंच का करंनास?”

तिच्या बोलण्यात काही चूक नव्हती. मित्लाचा टाको माझ्यासमोर होता: ताजी तळलेली पुरी, अजून कुरकुरणारी, खिम्याला खिम्याची चव, वर टोमॅटो आणि चीजचा डोंगर. मी मुलीकडे पाहिलं. ती चवीने खात होती. “कसा आहे?” मी विचारलं.

“खूप चांगला आहे,” ती म्हणाली, आणि माझ्याकडे दयेने पाहिलं.

घरी आल्यावर मी हट्टाला पेटलो. दुकानाच्या सारणात काय असतं हे तसं गुपित राहिलेलं नाही, कारण २०११ मध्ये त्यांच्यावर खटला झाला होता: यात बीफ कमी आणि इतर माल जास्त, असा आरोप. कंपनीने वर्तमानपत्रांत पानभर जाहिराती देऊन खटला भरणाऱ्यांचे जाहीर आभार मानले आणि सांगितलं, ८८ टक्के बीफ आहे, उरलेले १२ टक्के आमचा मसाला. खटला दोन-तीन महिन्यांत मागे घेतला गेला. माझ्यासारख्याला रस होता तो त्या बारा टक्क्यांत. पाणी, मिरची, कांद्याची पूड, टोमॅटोची पूड, साखर, कोको, आणि ओट्स. होय, ओट्स. डॉक्टरांनी सांगितल्यापासून मी रोज सकाळी तोंड वाकडं करून जे खातो, ते.

ओट्सचं काम समजलं आणि मग सगळंच समजलं. मांस तापलं की त्यातली चरबी आणि पाणी बाहेर पडतं. आपण त्याला तर्री म्हणतो आणि वाटीत वाढून घेतो. टाकोत मात्र तीच तर्री पुरीच्या घडीत जमते, दोन मिनिटांत पुरी खालून भिजते आणि सगळा माल मांडीवर येतो. ओट्सचा बारीक रवा, किंवा मक्याचं मसा पीठ, ही ओल आणि चरबी धरून ठेवतो. त्यात मीठ घालून कच्चं मांस चांगलं मळलं की ते चिकट होतं, सीख कबाबाचं होतं तसं, आणि गार पाण्याने त्याचा लगदा पातळ होऊन कढईत त्याचे गोळे न बनता बारीक कण होतात. आहे एवढंच. पण कोल्हापूरच्या माणसाला तर्री सुटू नये म्हणून राबायला लावणं, हा जो काही न्याय आहे तो फक्त परदेशातच मिळतो.

मक्याचं मसा पीठ हा एक वेगळाच विषय आहे, पण थोडक्यात सांगतो. मक्याचे दाणे चुन्याच्या पाण्यात शिजवून, भिजवून, साल काढून मग दळतात. त्याशिवाय त्या पिठाची टॉर्टिया लाटलीच जात नाही. मक्यातलं एक जीवनसत्त्वही चुन्यामुळेच अंगी लागतं. मेक्सिकोतल्या बायकांनी हे काही हजार वर्षांपूर्वी शोधलं. युरोपने मका नेला आणि चुना तिथेच ठेवला, तेव्हा मका खाऊन जगणाऱ्या गरिबांना पेलाग्रा नावाचा रोग झाला. आईला मी चुन्याचं सांगितलं तेव्हा तिला एवढंच आठवलं, की तिच्या वडिलांच्या कनवटीला चुन्याची डबी असायची, पण ती मक्यासाठी नव्हे.

असो. तर कृती ठरली. एक पौंड, म्हणजे साडेचारशे ग्रॅम, वीस टक्के चरबीचा खिमा. तीन मोठे चमचे ओट्सचा रवा. अमेरिकन चिली पावडर एक मोठा चमचा, बरणीवरचं नाव दोनदा वाचून. पॅप्रिका, जिरेपूड, कांद्याची आणि लसणाची पूड, चमचाभर टोमॅटोचा गर, चिमूटभर साखर, अर्धा लहान चमचा कोको. मीठ. अर्धी वाटी बर्फाचं पाणी. भाकरीचं पीठ मळतात तसं तळहाताने मळायचं. मग गार कढईत टाकून, आणखी अर्धी वाटी पाणी घालून, मध्यम आचेवर ठेवायचं आणि सतत चेचत राहायचं. चेचायला काय? सहकाऱ्याने लिहिलं होतं, बटाटे कुस्करायचं साधन. माझ्याकडे ते होतंच, फक्त त्याचं नाव पावभाजीचं मॅशर असं होतं. त्या क्षणी मला थोडं घरी आल्यासारखं वाटलं.

दहा-बारा मिनिटं. उकळतं आहे, आटतं आहे, रंग विटेसारखा होतो आहे. हात आपोआप आच मोठी करायला जातो, कारण पिढ्यान्‌पिढ्यांचं रक्त सांगत असतं की आता परत. तो हात आवरायचा. मी मुलीला बाजूला उभं केलं होतं, मी परतायला लागलो तर थांबवायला.

आणि हे सगळं करून, तिने घास घेतला, चावला, डोळे मिटले. “जवळ आलंय,” ती म्हणाली. “पण अजून ताजं लागतंय.”

मी कढई सिंकमध्ये आदळली, असं बायको सांगते. मला आठवत नाही. ताजं लागतंय ही तक्रार घेऊन आता कुणाकडे जायचं?

आई लसूण सोलत बसली होती. तिने त्या कढईकडे न बघता म्हटलं, “ठेव की आजच्या दिवस. रश्श्याला दुसऱ्या दिवशी चव येती. उद्या दे तिला.”

उरलेलं सारण डब्यात भरून फ्रिजमध्ये गेलं. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दोन चमचे पाणी घालून, झाकण ठेवून, मंद आचेवर गरम केलं. आणि मग मला आठवलं की दुकानात तरी दुसरं काय होतं? तिथे कुणी खिमा शिजवत नाही. तो कारखान्यात शिजतो, पिशवीत भरला जातो, थंड होऊन येतो आणि गरम पाण्यात पिशवीसकट तापवला जातो. इतके दिवस मी ज्या चवीच्या मागे होतो ती मसाल्याची नव्हतीच. शिळेपणाची होती. फोडणीच्या पोळीवर, कालच्या आमटीवर आणि शिळ्या भातावर वाढलेल्या माणसाला हे कळायला दीड महिना लागला, ही माझी खरी नामुष्की.

पुऱ्या दुकानातून आणलेल्याच होत्या. त्या पाकिटातून काढून तशाच भरल्या तर पुठ्ठ्यासारख्या लागतात. ओव्हनमध्ये पावणेदोनशे अंश सेल्सियसवर पाच मिनिटं ठेवल्या की जिवंत होतात. आधी खिमा, मग लेट्यूस, मग चीज. या क्रमात मी एकदा सुधारणा करायला गेलो होतो, चीज गरम खिम्यावर टाकलं, ते वितळलं. मुलीने ‘चांगलं’ हा शब्द पुन्हा वापरला. तेव्हापासून सुधारणा बंद.

आणि कागद. हे मुलीनेच शोधलं. टाको भरल्या भरल्या खायचा नाही. पातळ कागदात घट्ट गुंडाळून दहा मिनिटं ठेवायचा. आतल्या वाफेने पुरी किंचित मऊ पडते, म्हणजे पहिल्या घासाला तिचे दोन तुकडे होऊन सगळं ताटात सांडत नाही. तसा टाको हा मूळचाच चुकलेला पदार्थ आहे. तो सरळ धरून खायचा आणि मान वाकडी करायची. टाको वाकडा केलात तर संपलात. आपल्या पाणीपुरीवाल्याने हा प्रश्न केव्हाच सोडवला आहे: पुरी एवढीच कर की अख्खी तोंडात जाईल. पण इतकी मोठी सुधारणा सुचवायला आता उशीर झाला आहे.

तर कागदाची पुडकी झाली. मी ती टेबलावर मांडायला लागलो तर मुलगी म्हणाली, “इथे नाही.” तिने पुडकी एका खाकी पिशवीत भरली आणि गाडीची किल्ली मागितली. आम्ही चौघं, रात्री आठ वाजता, आमच्याच घरापुढे उभ्या असलेल्या आमच्याच गाडीत बसलो. इंजीन बंद. बायको आणि आई मागच्या सीटवर, दोघींच्या हातात बीन्सच्या उसळीचे टाको. आईने सवयीने पट्टा लावून घेतला होता. समोरून कुत्रा फिरवणारे शेजारी गेले, त्यांनी हात केला, आम्हीही केला.

मुलीने पुडकं सोडलं. खाल्लं. दुसरं सोडलं. काहीच बोलली नाही. शेवटी मलाच राहवेना.

“कसं झालंय?”

“ठीक आहे,” ती म्हणाली, आणि तिसऱ्याकडे हात पुढे केला.

चांगलं नाही, छान नाही. ठीक. गेल्या दीड महिन्यात मी या शब्दासाठी काय काय केलं होतं! मागून आईचा आवाज आला, “मला कुणी विचारंना,” आणि मग, “हॉटेलातल्यासारखं लागतंय.” लेट्यूस तिच्या पदरात होता. चीजचा एक किस सीटच्या फटीत गेला तो अजूनही निघालेला नाही.

महाराष्ट्रात कुणी करून बघणार असेल तर मटणाचा नाहीतर कोंबडीचा खिमा घ्या, खाटकाकडून दोनदा काढून. तंत्रात काही फरक पडत नाही. भारतात २०१० पासून या साखळीची दुकानं आहेत आणि तीही बीफ ठेवत नाहीत. ओट्स विसरू नका, परतू नका, आणि एक रात्र थांबा. आणि चिली पावडर या शब्दाचं मराठीत भाषांतर करू नका.